1884 चं चरित्र आणि नाशिकची जुजबंदी : बाइंडिंगच्या एका दुकानाचा रिव्ह्यू

आधी निकाल सांगतो, मग सविस्तर. नाशकात जुन्या पुस्तकाची पीडीएफ देऊन ते नीट छापून, दोऱ्याने शिवून, पुठ्ठ्याचं पक्कं बाइंडिंग करून हवं असेल तर रविवार कारंजाच्या मागच्या गल्ल्यांमध्ये एक बापलेकीचं छोटं दुकान आहे, तिथे डोळे मिटून जा. दुकानाचं नाव टाकत नाहीये कारण काकांनीच सांगितलं की आहे तेवढंच काम उरकत नाही, पण त्या भागातल्या कुठल्याही स्टेशनरीवाल्याला 'जुजबंदी कोण करून देतं' एवढं विचारलं की तो बरोबर बोट दाखवतो. माझ्याकडून पाचपैकी साडेचार. अर्धा कशाचा कापला ते पुढे येईलच.

मी छापून घेतलं ते माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनचं इंग्रजी चरित्र, दोन खंड, 1884 साली लंडनला निघालेलं. त्यात त्याची पत्रं आणि रोजनिशीचे उतारे भरपूर आहेत आणि खरी मजा त्यातच आहे. एल्फिन्स्टन म्हटलं की आपल्याकडे मुंबईचं कॉलेज आठवतं, नाहीतर ते लोकलचं स्टेशन, जे 2018 मध्ये प्रभादेवी झालं. पण कंपनीच्या कचेरीत कारकुनी करायला आलेलं सोळा वर्षांचं पोरगं पुढे वकिलातीच्या कामात शिरतं, काबूलच्या शहाकडे जातं, पुण्यात रेसिडेंट (म्हणजे दरबारात बसणारा कंपनीचा वकील) होऊन पेशवाई बुडवतं आणि मग मुंबईचा गव्हर्नर होतं, हा सगळा प्रवास शाळेच्या पुस्तकात दोन ओळींत संपतो. मला तो सविस्तर वाचायचा होता, आणि मोबाईलवर चारशे पानांचं पुस्तक वाचायचं म्हणजे पानापानाला झूम करा, सरकवा, परत झूम करा, त्यात मध्येच मेसेज येणार. नवीन छापील प्रत मागवायचीही सोय आहे म्हणा, परदेशातून छापून येतात तशा, पण किंमत बघून मी तो टॅब बंद केला. शिवाय त्या प्रती नुसत्या गोंदाने चिकटवलेल्या असतात, मध्यभागी जोर देऊन उघडलं की पानं हातात.

तर जुजबंदी. ज्यांनी कधी बघितली नाही त्यांच्यासाठी सांगतो, सोळा सोळा पानांचा एक गठ्ठा घडी घालून करतात, त्याला जुज म्हणतात, आणि असे सगळे जुज एकाला एक दोऱ्याने शिवत जातात. चारशे पानांच्या खंडाला असे पंचवीस जुज. काकांची मुलगी (सगळे तिला ताईच म्हणतात, मीही म्हणतो) कॉम्प्युटरवर पानांचा क्रम लावते, म्हणजे घडी घातल्यावर पान 1 च्या मागे 2 आलं पाहिजे आणि 16 शेवटी आलं पाहिजे असा. छपाई ती बाजूच्या दुकानातल्या मोठ्या मशीनवर करून आणते आणि मग काका शिवायला बसतात. मी एकदा उभा राहून बघितलं. आरीने घडीच्या रेषेवर भोकं पाडतात, दोरा आधी मेणावरून ओढून घेतात, सुई आतून बाहेर, बाहेरून आत, मग मागच्या जुजाच्या टाक्यात अडकवून पुढे. तोंडाने गप्पा चालू पण हात थांबत नाही. सगळं शिवून झालं की पाठीला पिठाची खळ लावून कापडाची पट्टी, आणि मग शिकंज्यात घट्ट दाबून रात्रभर ठेवायचं. खळीत मोरचूद घालतात म्हणजे कीड लागत नाही. मी विचारलं, काका, हल्ली फेव्हिकॉलनेच करतात ना सगळे, तर म्हणाले, "फेव्हिकॉल मीपण वापरतो, पण पाठीला खळच. उद्या कोणाला पुस्तक सोडवून परत शिवायचं झालं तर खळ भिजवली की सुटते." आज पुस्तक बांधताना पन्नास वर्षांनी ते परत सोडवणाऱ्या माणसाचा विचार करणारा कारागीर मी तरी दुसरा बघितलेला नाही.

पीडीएफ दिल्यावर ताईने पहिला प्रश्न विचारला तो कॉपीराइटचा. पुस्तक कधीचं, लेखक कधी वारला. 1884 म्हटल्यावर हो म्हणाली. आत्ताच्या लेखकांची पुस्तकं ते छापून देत नाहीत, स्पर्धा परीक्षेची पोरं येऊन मागतात तरी नाही. मला हे फार आवडलं. मग तिने स्कॅन उघडून बघितला आणि सांगितलं की पानांचा पिवळा रंग तसाच छापला तर सगळं राखाडी येईल, साफ करून घ्यावं लागेल, पानामागे थोडे पैसे वाढतील. वाढू देत म्हटलं. आणि खरंच, छापून आलेलं पान पांढरं स्वच्छ, अक्षरं काळी, फक्त कुठे कुठे मूळ लायब्ररीचा शिक्का राहिलाय तेवढा. मधली शिवणीकडची जागा तिने मुद्दाम वाढवून घेतली होती, त्यामुळे ओळीची शेवटची अक्षरं घडीत जात नाहीत. साइज साधारण वहीएवढी, कागद नॅचरल शेडचा, डोळ्यांना त्रास नाही.

आता पुस्तकाबद्दल, कारण बाइंडिंग कसं आहे ते वाचल्याशिवाय कळत नाही आणि मी दोन्ही खंड पाहिजे तसे उलटेपालटे करून वाचलेत.

एल्फिन्स्टनचा जन्म 1779 चा, स्कॉटलंडमधल्या लॉर्ड घराण्यातला चौथा मुलगा. चौथा म्हणजे जहागिरीतलं काही हाताला लागणार नाही, मग काका ईस्ट इंडिया कंपनीचे डायरेक्टर होते त्यांच्या ओळखीने सनदी नोकरी. 1796 ला कलकत्त्यात उतरला. पहिली नेमणूक बनारसकडे, डेव्हिस नावाच्या मॅजिस्ट्रेटच्या हाताखाली. जानेवारी 1799 मध्ये तिथे अवधच्या पदच्युत नवाबाने, वजीर अलीने, बंड केलं, चेरी नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याला मारलं, डेव्हिसने घराच्या गच्चीवर जाणाऱ्या अरुंद गोल जिन्याच्या तोंडाशी भाला घेऊन एकट्याने जमाव थोपवला आणि आपला हा एकोणीस वर्षांचा असिस्टंट घोड्यावर टांग मारून निसटला. नोकरी म्हणजे खर्डेघाशी असं समजून आलेल्या पोराला तिसऱ्याच वर्षी हे बघायला मिळालं.

1801 मध्ये त्याला वकिलातीच्या खात्यात घेतलं आणि पुण्याच्या रेसिडेंटचा असिस्टंट म्हणून धाडलं. कलकत्त्याहून पुण्याला यायला त्याला जवळपास वर्ष लागलं कारण तो दक्षिणेतून फिरत फिरत, वाटेत वाचत वाचत आला. ह्या माणसाचं वाचन हा वेगळाच विषय आहे. फारसी कामापुरती शिकलाच, पण ग्रीक आणि लॅटिन कवी, इतिहासकार, सगळं तंबूत, घोड्यावर, शिकारीच्या मधल्या वेळात. रोजनिशीत आज काय वाचलं हे आज काय घडलंच्या इतकंच महत्त्वाचं. आणि जोडीला सतत स्वतःला दूषणं, आळशी झालो, मन लागत नाही, वेळ वाया जातोय. इतका बोलणारा आणि हसरा माणूस आतून असा उदास असेल हे मला आधी माहीत नव्हतं, आणि ती पानं वाचताना तो पहिल्यांदा माणूस म्हणून समोर आला.

1803 ला इंग्रज आणि शिंदे-भोसले यांचं युद्ध झालं तेव्हा तो आर्थर वेलस्लीच्या बरोबर होता, म्हणजे पुढे वॉटर्लूला नेपोलियनला हरवणारा वेलिंग्टन तोच. असईच्या लढाईत (23 सप्टेंबर 1803) हा सिव्हिलियन वेलस्लीच्या बाजूला घोड्यावर होता, मग अडगावला, मग गाविलगडाच्या वेढ्यालाही. वेलस्लीचं मत पडलं की ह्याचा धंदा चुकला, हा सैनिकच व्हायला हवा होता. त्यानंतर नागपूरला भोसल्यांच्या दरबारात चार वर्षं रेसिडेंट. तो भाग जरा संथ आहे, मी भराभर उलटला.

मग येतं काबूल, आणि इथेच माझा अर्धा स्टार गेला. 1808 मध्ये नेपोलियन इराणमार्गे हिंदुस्थानात उतरेल ह्या भीतीने कंपनीने त्याला अफगाणिस्तानच्या शहाकडे पाठवलं. वय 29. दिल्लीहून निघून बिकानेरचं वाळवंट, बहावलपूर, मुलतान असं करत 1809 च्या फेब्रुवारीत पेशावरला पोचला, कारण शहा शुजा तेव्हा तिथे होता. जूनमध्ये तह झाला आणि त्याच सुमारास शहाची गादीच गेली! तहाचा उपयोग शून्य. पण ह्या माणसाने ते महिने फुकट घालवले नाहीत, सोबतच्या लोकांना कामं वाटून दिली, कोणी रस्ते आणि नद्या बघा, कोणी टोळ्या, कोणी व्यापार, आणि 1815 मध्ये त्यातून काबूलच्या राज्यावरचं त्याचं जाडजूड पुस्तक निघालं, जे पुढे कित्येक वर्षं तिकडे जाणारा प्रत्येक इंग्रज बरोबर न्यायचा. स्वतः मात्र काबूल शहर कधीच बघितलं नाही, पेशावरच्या पुढे गेलाच नाही. सगळं विचारून, ऐकून, चार लोकांचं पडताळून लिहिलेलं. ऐकीव माहितीतून खरं वेगळं कसं काढायचं ह्याचं मला तरी हे फार मोठं उदाहरण वाटतं.

तर त्या काबूलच्या पुस्तकातही मला रस निर्माण झाला म्हणून चरित्राच्या दोन खंडांबरोबर तेही छापायला दिलं. त्यात मॅकार्टनी नावाच्या लेफ्टनंटने केलेला मोठा घडीचा नकाशा आहे, आणि स्कॅन करणाऱ्याने तो उलगडलाच नाही, घडी तशीच ठेवून फोटो. साहजिकच छापून आलं ते नकाशाचं एक चतकोर, त्यावर अर्धी नावं. चूक स्कॅनची आहे, दुकानाची नाही, हे मला मान्य, पण त्यांनी छापायच्या आधी एक फोन करायला हवा होता, मी दुसऱ्या स्कॅनमधून नकाशा शोधून दिला असता. कपड्यांची रंगीत चित्रंही काळीपांढरी आली. रंगीत पानं वेगळी सांगावी लागतात, ते त्यांच्या रेटच्या कागदावर लिहिलेलं आहे, पण बारीक अक्षरात.

आता मुख्य भाग, पुणे. आणि नाशिककरांनी तर हा भाग वाचायलाच पाहिजे. 1811 मध्ये एल्फिन्स्टन पुण्याचा रेसिडेंट झाला. राहायला संगमावरचा बंगला, मुळा आणि मुठा मिळतात तिथे. समोर दुसरा बाजीराव आणि बाजीरावाच्या मर्जीतला त्र्यंबकजी डेंगळे. बडोद्याच्या गायकवाडांचा आणि पेशव्यांचा जुना हिशोब तुंबलेला होता, तो मिटवायला गंगाधरशास्त्री पटवर्धन गायकवाडांचे वकील म्हणून इंग्रजांच्या हमीवर पुण्यात आले. पुढे बाजीरावाने शास्त्र्यांना इतकं जवळ केलं की आपल्या मेहुणीचं लग्न शास्त्र्यांच्या मुलाशी ठरवलं, आणि हे लग्न होणार होतं कुठे, तर नाशकात. 1815 च्या उन्हाळ्यात पेशव्यांची स्वारी यात्रेसाठी नाशकात आली, बरोबर शास्त्री, बरोबर रेसिडेंट साहेब, लग्नाची तयारी चालू, आणि मग शास्त्र्यांनी ते लग्न पुढे ढकललं आणि सगळं फिस्कटलं. तिथून पेशवे आणि शास्त्री पंढरपूरला गेले आणि एल्फिन्स्टन वेरूळची लेणी बघायला. 20 जुलै 1815 ला पंढरपुरात विठ्ठलाचं दर्शन घेऊन परतताना शास्त्र्यांचा भर रस्त्यात खून झाला. बातमी साहेबाला वेरूळला कळली.

गोदाकाठी आपण रोज जातो येतो, रामकुंड, सरकारवाडा, पण पेशवाईच्या शेवटाची सुरुवात जिथून झाली म्हणता येईल असा एक उन्हाळा ह्याच गावात गेला हे मला चाळिशी उलटेपर्यंत कोणी सांगितलं नव्हतं. शाळेत नाही, कॉलेजात नाही, गाइडच्या पुस्तकात नाही. मी पुस्तक मिटून ताबडतोब भावाला फोन केला, त्यालाही नव्हतं माहीत.

पुढे एल्फिन्स्टनने काय केलं ते बघा. आरडाओरडा नाही. त्याने पुरावे गोळा केले, पुण्यात त्याचे बातमीदार सगळीकडे होते, बाळाजीपंत नातूंचं नाव तर सगळ्यांना ठाऊक आहे, आणि मग त्र्यंबकजीलाच मागितलं. बाजीराव टाळत राहिला, शेवटी सप्टेंबरमध्ये त्र्यंबकजीला द्यावं लागलं. त्याला ठाण्याच्या किल्ल्यात ठेवला आणि पहारा सगळा गोऱ्या शिपायांचा, म्हणजे फितुरी नको. पण त्या गोऱ्यांना मराठीचा गंध नाही, आणि एक मोतद्दार घोडा खरारा करता करता खिडकीखाली मराठी गाणं म्हणत निरोप पोचवत राहिला, असं सांगतात. 12 सप्टेंबर 1816 च्या रात्री त्र्यंबकजी पसार. मग तो लपला तो आपल्याच भागात, संगमनेर, नाशिक, खानदेशच्या डोंगरांत. 1818 मध्ये शेवटी पकडला तोही आपल्या जिल्ह्यात, पिंपळगाव बसवंतजवळच्या आहेरगावात, आणि तिथून थेट चुनारच्या किल्ल्यात, तिथेच 1829 ला मेला. आहेरगावावरून द्राक्षांचे ट्रक रोज जातात, तिथे एखादी माहितीची पाटी लावायला काय हरकत आहे सांगा.

जून 1817 च्या पुणे तहात एल्फिन्स्टनने बाजीरावाचा गळा आवळला. त्याआधी मे महिन्यात सिंहगड, पुरंदर, रायगड तारण म्हणून घेतलेच होते, तहात मराठा मंडळाचं प्रमुखपण सोडायला लावलं, मुलूख काढून घेतला. हे सगळं त्याने अत्यंत सभ्य भाषेत केलं आणि म्हणूनच वाचताना जास्त राग येतो. माणूस सज्जन होता, खरं बोलणारा होता, पण ज्या कामावर होता ते काम समोरच्याचं राज्य घ्यायचं होतं आणि त्यात त्याने कसूर केली नाही. बाजीरावाचा नादानपणा होताच, तो कोणी नाकारत नाही, पण नादान राजा मिळाला म्हणून दुसऱ्याचं राज्य आपलं होतं का? ह्या प्रश्नाला मला त्या दोन खंडांत कुठे सरळ उत्तर मिळालं नाही.

5 नोव्हेंबर 1817, खडकी. पेशव्यांची फौज जमत होती हे त्याला दिसत होतं, तरी तो संगमावरचा बंगला सोडत नव्हता कारण आपण हललो तर युद्ध आपणच सुरू केलं असं होईल. शेवटच्या क्षणी तो निघाला, नदी ओलांडून खडकीच्या पलटणींना मिळाला आणि मागे बंगला पेटला. त्याची सगळी पुस्तकं, हस्तलिखितं, वर्षानुवर्षांची टिपणं त्यात गेली. इंग्रजांकडे सुमारे 2,800 माणसं, पेशव्यांकडे त्याच्या कितीतरी पट, बापू गोखले आघाडीला, मोरो दीक्षित त्या लढाईत पडले, आणि तरी दिवस इंग्रजांचा गेला. बारा दिवसांनी पुणं पडलं. फेब्रुवारी 1818 मध्ये साताऱ्याहून जाहीरनामा निघाला, पेशवाई खालसा. त्र्यंबकगड, राजदेहेर असे आपल्याकडचे किल्लेही त्याच एप्रिलात पटापट गेले.

ही खडकीची पानं माझ्या प्रतीत सगळ्यात जास्त उघडली गेलीत. टेबलावर पुस्तक उघडं टाकून, बाजूला वही ठेवून, हात न लावता वाचता येतं, पान आपलं आपण मिटत नाही. शिवलेल्या पुस्तकाचा हा सगळ्यात मोठा फायदा. पाठ मोडली नाही, दोरा सैल झाला नाही, आणि मी पुस्तक काही जपून वापरत नाही.

दुसऱ्या खंडात मात्र एक जुज उलटा शिवला गेला होता, म्हणजे सोळा पानं डोकं खाली पाय वर. मी नेऊन दाखवला तर काकांनी एक शब्द न बोलता खंड हातात घेतला, पाठीची खळ ओल्या फडक्याने भिजवली, पट्टी सोडवली, जुज फिरवून परत शिवला आणि दुसऱ्या दिवशी दिला. पैसे नाहीत. वर म्हणाले, "बघितलंत, म्हणून खळ." कुठे शिवण बदलली ते आता शोधूनही सापडत नाही.

त्या उलट्या जुजाच्या आसपासच गव्हर्नरकीचा काळ आहे, 1819 ते 1827. तो मी थोडक्यात सांगतो. जिंकलेल्या मुलखात त्याने एकदम इंग्रजी कायदा आणला नाही, गावपंचायती, पाटील-कुलकर्णी, वतनं हे सगळं आधी समजून घेऊन लिहून काढलं. 1819 चा त्याचा तो अहवाल आजही महाराष्ट्राच्या इतिहासाचे अभ्यासक उघडतात. साताऱ्यात प्रतापसिंह महाराजांना त्याआधीच, 1818 मध्ये, गादीवर बसवलं होतं. शाळा, छापील पुस्तकं, कायद्याची 1827 ची संहिता. ब्रिग्ज नावाच्या अधिकाऱ्याने पुढे एक आठवण सांगितली आहे, की एल्फिन्स्टनच्या तंबूत कोपऱ्यात मराठी छापील पुस्तकांचा ढीग होता, हे कशाला म्हणून विचारलं तर म्हणाला इथल्या लोकांना शिकवायला. ब्रिग्ज म्हणाला, मग हा आपला युरोपला परत जायचाच रस्ता झाला. त्यावर साहेबाचं म्हणणं असं की काही होवो, आपलं कर्तव्य आपण केलं पाहिजे. हे वाचून त्याच्याबद्दल आदर वाटतो आणि त्याच वेळी खडकीही विसरता येत नाही. मला दोन्ही एकदम वाटतं आणि ते तसंच राहू दिलंय.

परत गेल्यावर गव्हर्नर जनरलची जागा त्याला दोनदा देऊ केली, दोन्हीदा नको म्हणाला, तब्येत आणि पुस्तकं. लग्न केलं नाही. 1841 ला हिंदुस्थानचा इतिहास लिहिला. आणि एक गोष्ट मात्र जरूर वाचा, 1838 च्या सुमारास इंग्रज परत त्याच शहा शुजाला काबूलच्या गादीवर बसवायला निघाले तेव्हा ह्याने अलेक्झांडर बर्न्स ह्या त्या कामावरच्या इंग्रज अधिकाऱ्याला पत्र लिहून स्पष्ट सांगितलं की गादीवर बसवाल, पण इतक्या दूरच्या, थंड, गरीब आणि दांडग्या मुलखात त्याला टिकवून धरणं मला अशक्य दिसतं. कोणी ऐकलं नाही. 1842 च्या जानेवारीत काबूलहून परतणारी अख्खी फौज बर्फात कापली गेली, आणि तिचा सेनापती होता ह्याचाच सख्खा चुलतभाऊ, जनरल एल्फिन्स्टन. तीस वर्षांपूर्वी नुसत्या ऐकीव माहितीवर, काबूल न बघता, ह्या माणसाने जे ओळखलं होतं ते तिथे राहून आलेल्यांना दिसलं नाही. 1859 ला तो वारला, इंग्लंडातच.

मला ह्या सगळ्यातून एक हवंय, आपण हे कागद स्वतः वाचावेत. ज्याने आपलं राज्य घेतलं त्याने आपल्याबद्दल रोज रात्री काय लिहून ठेवलं ते आपल्या घरात, आपल्या टेबलावर असलं पाहिजे. आपल्या बाजूचे कागद मोडीत आहेत, त्यांचंही काम व्हायला हवं, ते करणारे लोक आहेत आणि त्यांना मोडी शिकणाऱ्या पोरांची गरज आहे. पण इंग्रजीतलं तर फुकट पडलेलं आहे, फक्त डाउनलोड करून रविवार कारंजापर्यंत जायचंय.

आता कामाचं. छपाई पानाला 90 पैशांच्या आसपास, स्कॅन साफ करायचे वेगळे, जुजबंदी आणि कापडी पाठ खंडाला साडेतीनशे, मला चरित्राचे दोन खंड मिळून सोळाशेच्या आसपास पडले. वेळ दोन आठवडे धरा, पावसाळ्यात जास्त कारण खळ वाळत नाही. पाठीवर सोनेरी अक्षरं हवी असतील तर नाव मराठीतही टाकून देतात, मी मराठीत टाकून घेतलं. पैसे आधी अर्धे, यूपीआय चालतं. नकाशे आणि रंगीत पानं असतील तर त्यांचे नंबर कागदावर लिहून द्या, तोंडी सांगू नका. छापायच्या आधी ताईला दहा पानांचा नमुना मागा, ती देते, आणि मधली जागा पुरेशी आहे का ते घडी घालून बघा. कॉलेजांच्या सबमिशनच्या दिवसांत जाऊ नका, प्रोजेक्टच्या स्पायरलची रांग लागलेली असते आणि काकांना शिवायला बसायला जागाच उरत नाही. गाडी कारंजाला लावू नका, टो होते, जरा लांब लावून चालत जा.